नाही म्हणायला परब होते

गाडी सिग्नलला थांबली की आबा काच खाली करत आणि शेजारच्या गाडीतल्या माणसाला हात जोडत. मस्कतमध्ये, जून महिन्यात, एसी चालू असताना! पलीकडचा ओमानी गृहस्थ आधी गोंधळून जाई, मग छातीवर हात ठेवून मान लववी. आबा खूश. "बघितलंस, सूनबाई? माणूस कुठलाही असो, हात जोडले की हसतो." मी मात्र नजर समोरच्या लाल दिव्यावर ठेवून तो लवकर हिरवा व्हावा म्हणून देवाचा धावा करत असे. माझ्या ऑफिसातलं कोणी मागच्या गाडीत असलं तर?

"काच वर करा हो आबा, भट्टी लागल्यासारखं होतंय आत."

"अगं, वैशाखात उघड्या जीपमधून प्रचार केलाय मी. मला भट्टी नको सांगू."

आबा म्हणजे माझे सासरे, गोविंदराव. कोकणातल्या एका खाडीकाठच्या तालुक्यातून सहा वेळा आमदार झालेले. मी सोलापूरची. आमच्याकडे आमदार म्हणजे गाड्यांचा ताफा आणि गॉगल. लग्न ठरलं तेव्हा माझ्या वडिलांच्या छातीत धडकीच भरली होती. प्रत्यक्षात सासरी गेले तर ओसरीवर अर्धा तालुका चहा पीत बसलेला, आणि सासरे लुंगी-बनियनवर एका म्हातारीच्या पायातला काटा बघत उकिडवे बसलेले. मंत्री ते कधीच झाले नाहीत. एकदा यादीत नाव होतं म्हणे, पहाटेपर्यंत कापलं गेलं. त्याचं दुःख त्यांनी कधी बोलून दाखवलं नाही. सासूबाई मात्र शेवटपर्यंत बोलत राहिल्या.

सभागृहात ते मागच्या बाकावरचे. एसटीचा थांबा, जेट्टीची दुरुस्ती, शाळेचं छप्पर असले प्रश्न विचारत. पण एकदा त्यांच्या तालुक्यात बाजाराची होडी उलटली आणि माणसं बुडाली, तेव्हा हा मागच्या बाकावरचा माणूस असा काही तुटून पडला की अध्यक्ष खाली बसा खाली बसा म्हणत राहिले आणि हे बसलेच नाहीत. त्या भाषणाने खाडीवर पूल झाला. तो आजही आहे, आणि त्यावरून जाताना माझ्या नवऱ्याची, मिलिंदची, मान अजून जराशी ताठ होते. हे मी मुद्दाम आधी सांगते, कारण पुढचं सांगताना मला लाज वाटणार आहे, आणि वाचणाऱ्याने आबांना नुसतेच थापाडे समजू नये.

त्यांना माणसाचं नाव विचारायची सवय नव्हती. ते वाडी विचारत. "कुठली वाडी? वरची की खालची?" एवढं कळलं की बाप, आजा, विहिरीवरून झालेलं भांडण, सगळं आपोआप बाहेर येई. आणि त्यांच्या दारातून रिकाम्या हाताने कोणी परत गेला नाही. म्हणजे काम झालं असं नव्हे हं. पण प्रत्येकाला एक वाक्य मिळायचं: "तू कामाला लाग, पुढचं मी बघतो." हे वाक्य घेऊन माणूस अशा तोऱ्यात पायऱ्या उतरायचा की जणू काम झालंच.

मी एकदा विचारलं, "आबा, सगळ्यांना हो म्हणता. न होणाऱ्या कामांचं काय?"

"ते परब बघायचे," आबा हसत म्हणाले.

परब म्हणजे त्यांचे पीए. कृश, चष्मा नाकाच्या शेंड्यावर, सदा कपाळाला आठ्या. पद्धत अशी होती की साहेबांनी होकार द्यायचा आणि परबांनी आठवड्याभराने माणसाला बाजूला घेऊन सांगायचं, बाबा रे, हे बसत नाही नियमात, तू दुसरा मार्ग बघ. लोक परबांना आडवं-तिडवं बोलायचे. "साहेब देवमाणूस, हा परब मेला आडवा येतो!" निवडणुकीत हार साहेबांच्या गळ्यात. आबा हे सगळं इतक्या सहज सांगत की मीसुद्धा हसले होते. "नाही म्हणणारा आमदार पडतो, सूनबाई. नाही म्हणायला माणूस वेगळा ठेवावा लागतो."

सातव्या वेळी आबा पडले, तेही त्यांच्याच एका जुन्या कार्यकर्त्याकडून. परब त्याआधीच वारले होते. मग सासूबाई गेल्या, ओसरी रिकामी झाली, आणि मिलिंदने हट्टाने त्यांना इकडे आणलं. आमचं घर मस्कतच्या कडेला, अल अमेरातला. चहूबाजूंनी बोडके डोंगर, मध्ये नवनव्या इमारती, खाली एक कॅफेटेरिया. मला वाटलं, म्हातारे कंटाळतील, महिन्याभरात परत जातो म्हणतील. कसलं काय! त्या कॅफेटेरियातल्या कोपऱ्यातल्या टेबलाची त्यांनी ओसरी केली.

सुरुवात एका सत्यनारायणाच्या पूजेने झाली. मदिनत सुलतान काबूस भागात एका ओळखीच्यांकडे पूजा होती. तिथे रुसैलच्या कारखान्यांतली कोकणातली दोन-चार माणसं आली होती. त्यातला एक जण आबांना बघून प्रसादाचा द्रोण हातात तसाच धरून धावत आला. "साहेब! तुम्ही हितं?"

"कुठली वाडी?"

"गुरववाडी, साहेब. खालची."

"म्हणजे तू बाबल्याचा! पुलाच्या उद्घाटनाला ढोल वाजवायला होता तुझा बाप."

तो होता सुधाकर. चाळिशी उलटलेला, वेल्डर, हातांवर जुन्या ठिणग्यांचे डाग. परक्या मुलखात आपल्या बापाचं नाव घेणारा आमदार भेटल्यावर त्याचे डोळे भरून आले. पुढच्या शुक्रवारी तो आणखी तिघांना घेऊन आमच्याकडे हजर. त्याच्या पुढच्या शुक्रवारी आणखी जास्त. करक चहाचे कप येत राहायचे आणि आबा मधोमध बसून ऐकायचे. कोणाचं गावाकडच्या जमिनीचं, कोणाचं पोराच्या ॲडमिशनचं. "कामाला लाग. बघतो मी." इथे येऊन त्यात फक्त एका शब्दाची भर पडली होती. शेवटी मोठ्या झोकात "इन्शाल्ला!" म्हणायचे.

मला ते सगळं बघून मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. इमारतीतल्या बायका लिफ्टमध्ये विचारायच्या, "नीचे आपके फादर-इन-लॉ का कोई ऑफिस है क्या?" काय सांगणार कपाळ! मिलिंदला म्हटलं, तू बोल. तो म्हणाला, "असू दे गं. त्यांचा जीव रमतोय ना?" दोघे बापलेक सारखेच, वाईटपणा घ्यायला कोणी तयार नाही.

होळीच्या सुमाराला सुधाकरच्या मुलीचं, सानिकाचं, लग्न जमलं. मुलाकडच्यांनी वैशाखातले दोन मुहूर्त सुचवले होते. एक सुरुवातीचा, एक अखेरचा. कंपनीत सुधाकरच्या रजेची पाळी वैशाखाच्या शेवटी येत होती. म्हणजे दुसरा मुहूर्त धरला की प्रश्नच नव्हता. पण पाहुण्यांना पहिला जास्त सोयीचा होता, आणि आपण मुलीकडचे, पाहुण्यांचं मन कसं मोडायचं? सुधाकर आबांना विचारायला आला. मी त्या दिवशी खाली त्यांचं बीपीचं औषध द्यायला गेले होते, त्यामुळे हे मी माझ्या कानांनी ऐकलं.

"साहेब, कंपनी आधी सोडेल का? फोरमन नाय म्हणतोय."

"पहिला मुहूर्त धर," आबा म्हणाले. टेबलावर बोट आपटून म्हणाले. "मुलीच्या सासरी पहिल्याच पावलाला नन्नाचा पाढा नको. रजेचं मी बघतो."

सुधाकरने वाकून नमस्कार केला आणि तिथूनच घरी फोन लावला. "साहेबांनी सांगितलंय. धरा पहिला."

वर आल्यावर मी विचारलं, "आबा, कंपनी इथली, मालक इथला. तुम्ही कोणाला सांगणार?"

"असतात गं ओळखी. मुंबईत आमचा एक जुना सहकारी आहे, त्याचा व्याही इकडे बांधकामात मोठा माणूस आहे."

त्यांनी फोन केले, नाही असं नाही. रोज सकाळी अंघोळ करून, इस्त्रीचा सदरा घालून, सोफ्यावर ताठ बसून करत. तिकडून कोणीतरी पोरगा सांगायचा, साहेब मीटिंगमध्ये आहेत. आबा त्यालाही वाडी विचारायचे. त्याने फोन ठेवलेला असायचा. पुढे पुढे तिकडून फोन उचलणंच बंद झालं. इकडे सुधाकर फोन करायचा तेव्हा आबा आवाज चढवून म्हणायचे, "चालू आहे, चालू आहे. वर पोचलंय!" कुठे वर? मी स्वयंपाकघरातून ऐकायची आणि पोळी तव्यावर करपायची.

एकदा न राहवून मी म्हणाले, "आबा, त्याला खरं सांगा. अजून वेळ आहे, मुहूर्त बदलता येईल त्यांना."

"सांगतो ना. बघतो."

"कधी?"

ते टीव्हीचा रिमोट शोधायला लागले. तीस वर्षं विधानसभेत बसलेला माणूस, सोफ्याच्या उशांखाली रिमोट शोधत होता, आणि रिमोट समोर होता. मला त्यांचा इतका राग आला, आणि इतकी कीवही आली, की मी आत निघून गेले.

लग्नाचा दिवस आला आणि गेला. आमच्याकडे त्याचा कोणी उच्चार केला नाही. मग शुक्रवार आला. आबा खाली टेबलावर जाऊन बसले. सुधाकर नव्हता. त्याच्या खोलीतला एक जण तेवढा आला होता. तो चहा ढवळत म्हणाला, "साहेब, सुधाकर गेलाच नाय. रजा मिळाली नाय त्याला. शेवटच्या दिवसापर्यंत बॅग भरून बसला व्हता, साहेबांचा फोन येईल म्हणून. कन्यादान चुलत्याने केलं."

आबा वर आले तेव्हा त्यांच्या पायात चपला नव्हत्या. खालीच राहिल्या होत्या.

"गाडी काढ," म्हणाले.

"आबा, आत्ता नको. मिलिंद आला की..."

"गाडी काढ गं."

डोंगर उतरून आम्ही रुसैलला पोचलो. कॅम्पच्या फाटकाशी वॉचमनशी हिंदीत थोडी हुज्जत घालून आम्ही आत गेलो. लांबलचक चाळवजा इमारत, दोरीवर कंपनीचे निळे गणवेश वाळत घातलेले. सुधाकरची खोली म्हणजे दुमजली खाटा, मध्ये राइस कुकर, भिंतीवर ग्रामदेवतेचं कॅलेंडर. तो खालच्या खाटेवर बसून मोबाइलवर लग्नाच्या क्लिपा बघत होता. भाच्याने मागाहून पाठवल्या होत्या म्हणे. आम्हाला बघून उठला, सवयीने हातही जोडले, आणि मग जोडलेले हात त्याने सोडून दिले.

"सुधाकर," आबा म्हणाले, "माझ्याकडून..." आणि पुढे त्यांना येईना. ज्या माणसाला अध्यक्ष गप्प बसवू शकले नव्हते, त्याला शब्द सापडेना.

"साहेब, मला दुसरा मुहूर्त चालत होता ओ," सुधाकर म्हणाला. आवाज चढवला नाही त्याने. चढवला असता तर बरं झालं असतं. "पाव्हणे पण तयार होते. तुम्ही पहिल्याच दिवशी नाय बोलला असता, तरी मी काय तुम्हाला वाईट म्हणणार नव्हतो. आता पोरगी माझा फोन उचलत नाय. तिला वाटतंय, बापाने ओव्हरटाइमसाठी लग्न सोडलं. मी सांगितलं आमदारसाहेब बघतायत, तर म्हणते, बाबा, कुठले आमदार, मस्कतमध्ये कुठले आमदार?"

आबांचा हात सदऱ्याच्या खिशाकडे गेला. "नंबर दे तिचा. मी आत्ता बोलतो."

"नको साहेब." सुधाकरने मोबाइल पाठीमागे घेतला, लहान मूल खाऊ लपवतं तसा. "तुम्ही आता माझं काय करू नका."

धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं मला. लाज आबांची वाटत होती, की सगळं ऐकून सुधाकरला काहीच न सांगणाऱ्या माझी, काही सुधरत नव्हतं. आणि वर कहर म्हणजे, शेजारच्या खोल्यांतली माणसं एव्हाना दारात जमली होती. आमदार आलेत म्हटल्यावर कोणी प्लास्टिकची खुर्ची आणली. एक पोरसवदा माणूस पुढे येऊन अदबीने म्हणाला, "साहेब, माझं पण एक काम होतं. पासपोर्टचं..."

आबा खुर्चीवर बसले नाहीत. खाली मान घालून म्हणाले, "माझ्याच्याने नाही होणार, बाळा. माझ्या हातात काही नाही. दुसरीकडे विचार." त्या माणसाचा चेहरा पडला. तो पडलेला चेहरा आबा बघत राहिले. मला वाटतं, आयुष्यात तेवढ्या जवळून त्यांनी तो कधी बघितलाच नव्हता.

परतीच्या वाटेवर म्हणाले, "परबांना लोक फार शिव्या द्यायचे गं."

"हं."

"मला हार घालायचे, आणि परब तिथेच माझ्या चपला सांभाळत उभे असायचे. त्यांच्या बायकोने एकदा मला म्हटलं होतं, साहेब, आमच्या पोरांना शाळेत चिडवतात. मी म्हटलं, बघतो." मग म्हणाले, "सूनबाई, मी किती लग्नांत अक्षता टाकल्या असतील? हारापुरता उभा राहायचो, पुढच्या मांडवात जायचो. आणि ह्याला ह्याच्या पोरीच्या मांडवात उभं राहू दिलं नाही मी."

आणि ते रडले. मी गाडी बाजूला घेतली.

त्यानंतर खालचं टेबल सुटलं. आलेल्यांना ते वर बोलावून पाणी देत आणि सरळ सांगत, माझ्याकडून होणार नाही. येणारे कमी झाले, मग थांबले. महिन्याच्या आत त्यांनी मिलिंदकडून तिकीट काढून घेतलं. "घर बघून येतो" म्हणाले. आम्हाला माहीत होतं कुठे चाललेत.

सानिकाचं सासर पुलापलीकडच्या गावात. आबा तिथे गेले आणि अंगणात उभं राहून, तिच्या सासू-सासऱ्यांसमोर म्हणाले, "पोरी, तुझा बाप खोटं बोलला नाही. मी बोललो." सासऱ्यांनी अगत्याने आत नेलं, पोहे दिले, आणि जाताना हळूच विचारलं, साहेब, आमच्या वाडीच्या रस्त्याचं काही होईल का? आबांनी त्यांना नाही म्हणून सांगितलं. मुलगी मात्र चौकटीशी उभी राहून ऐकत होती.

मग दर शुक्रवारी त्यांचा मला फोन. "सुधाकरला केला का तिने?"

मी सुधाकरला विचारून ठेवलेलं असे. केलेला नसे. मिलिंद म्हणाला, "सांग ना एकदा, केला म्हणून. म्हातारा माणूस, झोप तरी लागेल." मी त्याच्याकडे असं बघितलं की तो गॅलरीत निघून गेला. "नाही केला, आबा," मी म्हणायची. मग, "बरं. मी परत जातो तिच्याकडे."

पुन्हा गेले. त्यानंतर आणखी एकदा गेले, भर उन्हात, एसटीने. त्या वेळी सानिका त्यांना ओटीवर बसवून, हातात पाण्याचा तांब्या देऊन म्हणाली, "आजोबा, तुम्ही आता येऊ नका. तुम्ही सांगितलंत ते मला पटलं. पण बाबांशी कधी बोलायचं ते मी ठरवेन. तुमच्या सांगण्यावरून नाही बोलणार."

आबांनी त्याच दिवशी हे मला फोनवर जसंच्या तसं सांगितलं. मला वाटलं, आता म्हातारा खचणार. पण आवाज निराळाच होता.

"डोळ्याला डोळा देऊन बोलली गं," ते म्हणाले. "घरात सासू, सासरे, आणि समोर मी. एवढीशी पोर, पण शब्द फिरवला नाही की गोड केला नाही. मी सहा वेळा निवडून आलो, सूनबाई, पण असं एकदासुद्धा कोणाशी बोललो नाही."

मी म्हटलं, "जेवलात का आबा?"

"नाही," ते म्हणाले. "आज जेवण जात नाही."